बाइंडर चाचा आणि आपाची वही

आत काय आहे हे कळल्याशिवाय बाइंडर चाचा पुस्तकाला सुई लावत नसत. मलकापुरातल्या आमच्या वाचनालयात मी ग्रंथपाल म्हणून लागले, तेव्हापासून फाटक्या पुस्तकांचा गठ्ठा दर महिन्याला त्यांच्याकडे जायचा आणि गठ्ठ्याबरोबर मलाही जावं लागायचं. चाचा मराठी शाळेत चौथीपर्यंत शिकलेले. मराठी पुस्तक ते स्वतः चाळायचे. इंग्रजी असलं की माझ्यापुढं सरकवायचे. "बाई, ह्यात काय हाय?" मी म्हणायची, चाचा, तुम्हाला बांधायचंय, परीक्षा द्यायची नाही. "व्हय, पण कापड शिवणारा माणूस बगूनच शिवतो न्हवं?" असं म्हणून ते खळीचं भांडं बाजूला ठेवत आणि गुडघ्यावर हात ठेवून वाट बघत बसत. प्राप्तिकराच्या एका जाडजूड पुस्तकाचा सारांशही मी त्यांना सांगितलेला आहे. तो ऐकताना ते पेंगले होते, तरी मला थांबू देत नव्हते.

"दमलो बगा" हे त्यांचं दुसरं वाक्य. सकाळी दहालाही तेच आणि दुकानाची फळी लावतानाही तेच. डोळ्यांचं ऑपरेशन होऊनही नीट दिसत नव्हतं, बोटांची टोकं सुईनं टणक झालेली. खरं तर त्यांच्या कामाचे दिवसच सरले होते. वाचनालयात वर्तमानपत्राला चार म्हातारे यायचे, बाकी खुर्च्या मी रोज उगाच पुसायची. आम्ही दोघंही दमलेलोच होतो, म्हणून आमचं जमायचं.

अशात विट्याच्या एका गलाईवाल्यांच्या घरातून पुस्तकांचं खोकं आलं. सोनं गाळणाऱ्या घराण्यातला नातू अमेरिकेत ओक्लाहोमाला नोकरीला गेला होता; परत येताना त्यानं तिथली पुस्तकं आणली आणि आम्हाला भेट दिली. चिकसॉ आणि चॉक्टॉ या तिथल्या मूळच्या दोन जमातींची ती पुस्तकं. चित्रांचा शब्दसंग्रह, रीतीभाती, आणि वयात येणाऱ्या मुलामुलींच्या गोष्टी. आमच्या सेक्रेटरींनी फोटोपुरतं खोकं उघडलं आणि ते पावसाळाभर गळक्या खिडकीखाली ठेवलं. पुठ्ठे फुगले तेव्हा ते चाचांकडे गेलं, आणि अर्थातच मीही.

मी सांगत गेले. या लोकांना त्यांच्या जमिनीवरून हाकलून शेकडो कोस लांब नेलं. पुढं शाळांमध्ये मुलांना घरची बोली बोलली म्हणून शिक्षा व्हायच्या. मोठी झाल्यावर त्या मुलांनी आपल्या लेकरांना ती शिकवलीच नाही. आता नातवंडं म्हाताऱ्यांपाशी बसून एकेक शब्द मागून घेतात. एका गोष्टीतली मुलगी आजारी आजीच्या उशाशी वही घेऊन बसते, तिथवर मी आले. चाचांनी विचारलं, "आन् ती म्हातारी सांगती?" मी म्हटलं, सांगते. त्या दिवशी त्यांनी सुई हातात घेतली नाही.

चाचांच्या घरी त्यांची थोरली बहीण होती. सगळे तिला आपा म्हणत. पाटणला दिलेली, विधवा झाल्यावर भावाकडं आलेली. बाहेर ती आपली मराठी बोलायची, घरात मात्र ठसठशीत दखनी. तिचं ओरडणं, लग्नातली गाणी, पोरांना झोपवताना सांगायच्या गोष्टी, सगळं त्यातच. चाचांची नात नाझिया इंग्रजी शाळेत जायची आणि आपाला शुद्ध हिंदीत उत्तर द्यायची. मैत्रिणी आल्या की ती आपाला आतल्या खोलीत बसायला सांगायची. "पोरगी वाईट न्हाई," चाचा मला म्हणाले. "तिला वाटतंय ही मोडकी भाषा हाय. आमीच तसं वाटू दिलं. आपा गेली की आमच्या घरात आपावानी ह्ये बोलायला कोण न्हाई बगा."

मग वर्षभर ते रोज दुपारी आपापुढं वही घेऊन बसले. लिहायचे देवनागरीत, शाळेतल्यासारखं मोठ्या अक्षरात, बॉलपेननं, पानाच्या एकाच बाजूला. आपा वैतागायची, "कैकू लिखताय रे? मैं कां मरतूं?" हेही त्यांनी लिहून घेतलं. वही भरली आणि महिन्याभरात आपा गेली.

वही टाइप करायला चाचांनी मुलाकडं दिली. मुनीर सांगलीला उर्दूचा शिक्षक, बापावर जीव असलेला. त्यानं रात्रंदिवस एक करून देवनागरीतच छान पानं छापून आणली. चाचांनी ती बांधली. कापडी पाठ, सोनेरी नाव. आणि आयुष्यात पहिल्यांदाच, आत काय आहे हे न बघता बांधली. आपणच लिहिलेलं, त्यात बघायचं काय?

आपा गेल्याच्या चाळिसाव्या दिवशी पाहुणे जमले आणि नाझिया ते पुस्तक वाचायला उभी राहिली. लोक माना डोलवत होते. मी बायकांमध्ये बसले होते. मला समोर चाचांचा चेहरा दिसत होता आणि तो हळूहळू उतरत गेला. मुनीरनं सगळं दुरुस्त केलं होतं. आपाची ओळन् ओळ शुद्ध उर्दूत गेली होती, शिव्यासुद्धा गाळल्या होत्या. "अब्बा, लोक हसले असते तिला," तो कळवळून म्हणाला. चाचा एवढंच बोलले, "ही आपा न्हवं."

मी म्हटलं, मूळ वही आहे ना? तर चाचा म्हणाले, "वही न्हाई राहिली, बाई." लिहिलेला कागद पायाखाली येऊ नये म्हणून ते तो कधी रद्दीत टाकत नसत. पुठ्ठा वाकू नये यासाठी त्याला आतून एक जुना कागद चिकटवायचा आणि वर कोरा कागद लावायचा, ही त्यांची पद्धत. वहीची पानं छापून झाली म्हणताना त्यांनी ती सोडवली आणि हातातल्या कामात मानानं वापरून टाकली. आपा आमच्या वाचनालयाच्या पुस्तकांत गेली होती. कुठल्या पुस्तकांत, हे त्यांनाही सांगता येईना.

त्यानंतर चाचांनी बांधलेली पुस्तकं मी वाचायला देणं बंद केलं आणि चाचा दुपारी वाचनालयात यायला लागले. ओलं फडकं पुठ्ठ्याच्या आतल्या बाजूवर ठेवायचं, खळ सुटेपर्यंत थांबायचं, कोरा कागद नखानं सोलायचा. बहुतेक वेळा खाली जुनी कॅलेंडरं निघायची. अकरा पानं मिळाली आणि चाचांनी अंथरूण धरलं. दवाखान्यात मला म्हणाले, "बाई, माझ्यापायी पुस्तकं अडकवून ठिवू नगा. लोकांस्नी वाचू द्या. लय दमलो आता." गेल्या उन्हाळ्यात ते गेले. मला त्यांचा अजून राग येतो. जगातल्या सगळ्या पुस्तकांत काय आहे ते विचारणाऱ्या माणसानं नेमकं तेवढंच विचारू नये?

पुस्तकं मी अडकवलेलीच आहेत. शनिवारी नाझिया येते, आता कॉलेजला आहे. मी फडकं ठेवते, ती सोलते आणि निघालेलं पान मोठ्यानं वाचते. सुरुवातीला अडखळायची, आता आपाचा हेल येतो. परवा शेतीच्या एका जुन्या पुस्तकातून पान निघालं. तिनं वाचलं, "मेरा भाई चार बुकां पढ्या, पन किताब ऐसी पकड़ताय, सोया हुआ बच्चा पकड़े सरीका." चाचांच्याच मोठ्या अक्षरात होतं. बहिणीनं सांगितलं आणि त्यांनी मुकाट्यानं उतरवून घेतलं होतं; मला कधी बोलले नाहीत.

नाझियानं ते पान वाळायला टेबलावर पसरलं. मी विचारलं, आज पुरे करू या का, दमलीस. ती पुढचं पुस्तक ओढत म्हणाली, "नक्को मॅडम. और एक देखेंगे."