कौलांवर कोणी चढायचे

मे १९५८, शेवटचा मंगळवार, सकाळची वेळ. पोलादपूरच्या पुढे, कापड्यातले आमचे घर. हजर: कौलांवर माझे धाकटे दीर, खाली शिडी धरून मी, ओटीवर तंबाखू मळत बसलेले सासरे, मागच्या पडवीत चुलीपाशी सासूबाई. नंतर बैलगाडीतून आलेले: महाडच्या शेटचा मुकादम आणि त्याचे दोन गडी. गैरहजर: माझे यजमान, कारण मुंबईच्या गिरणीत रजा मिळाली नाही, आणि शेट स्वतः, जे अशा कामांना कधीच हजर नसत.

जेवणवेळेपर्यंत यांतल्या एकाचा जबडा मोडला होता, एकाचा खुबा. एकाच्या गुडघ्याची वाटी फुटली, ती मी फोडली. सगळे आठशे रुपयांच्या गहाणावरून.

गहाण कशासाठी ठेवले ते आधी सांगते. घरावर पूर्वी गवत होते. दर वर्षी नवे गवत कापायचे, वाहायचे, चढवायचे आणि तरी श्रावणात भिंतीवरून पाणी उतरायचे. सासऱ्यांना कौलारू घर हवे होते. महाडच्या शेटची लाकडांची आणि कौलांची वखार होती. ते म्हणाले, घर गहाण ठेवा, वासे-रिपा-कौले घेऊन जा. १९४७ साली आठशे रुपयांचा माल आला आणि गावात आमचे घर लांबून लाल दिसू लागले. मी दोन वर्षांनी लग्न होऊन आले, तेव्हा सासरे पाहुण्यांना पाणी देण्याआधी कौले दाखवत.

कागद दोन झाले होते, दोन्ही एकाच दिवशी. पहिल्याने घर शेटच्या कब्जात गेले, हे कब्जेगहाण. दुसरी भाडेचिठ्ठी. तिने तेच घर सासऱ्यांनी शेटकडून महिना आठ रुपयांनी भाड्याने घेतले. घरातून कोणी बाहेर गेले नाही की आत आले नाही. पण त्या दिवसापासून सासरे स्वतःच्या घरात भाडेकरू होते आणि हे घरात कोणालाच ठाऊक नव्हते, त्यांनाही नाही.

त्यांचा हिशेब वेगळा होता. तो ते मोठ्याने सांगत. "आठशे रुपये. म्हयन्याला आठ. शंभर म्हयने झाले का मोकळा." शंभर महिने भरले त्या महिन्यात ते नारळ आणि पेढे घेऊन महाडला गेले, कागद परत आणायला. शेटनी चहा पाजला, नारळ ठेवून घेतला आणि म्हणाले, घाई काय आहे, थोडे राहिले आहे, चालू द्या. सासरे परत येऊन म्हणाले, थोडं ऱ्हायलंय. आणि पुढेही आठ रुपये भरत राहिले.

दुसरी गोष्ट शाकारणीची. कौलारू घर असले तरी पावसाच्या आधी वर चढावे लागते. कौले उतरवायची, शेवाळ झाडायचे, फुटकी बदलायची, पुन्हा बसवायची. लोकांना त्या दिवसांत गडी मिळत नाही. आम्हाला शेट दर वर्षी दोन गडी आणि नवी कौले आपणहून पाठवत. सासरे याचा डंका पिटत. "शेट माझ्या घराची काळजी घेतो, तुमचा कोण घेतो?" गहाणखतात लिहिले होते की दुरुस्तीचा खर्च मुद्दलात मिळवला जाईल. शिवाय गावात घर कोणाचे हे विचारायला कोणी कचेरीत जात नाही. पावसाआधी कौलांवर कोणाची माणसे चढतात ते बघतात. अकरा वर्षे गावाने शेटची माणसे बघितली.

५८च्या फाल्गुनात नोटीस आली. आंबेनळीच्या रस्त्याला लागून जागा असल्यामुळे शेटना तिथे कोळशाची वखार घालायची होती. भाडेकरूने घर मोकळे करावे. नोटीस मी वाचली. माझे माहेर महाडचे, तिथल्या ओळखीच्या वकिलांकडे कागद घेऊन गेले. त्यांनी पाच मिनिटांत सांगितले. भाडे म्हणजे व्याज. सावकारीच्या कायद्याने व्याजाला लगाम घातला आहे, भाडे म्हटले की तो सुटतो. अकरा वर्षांत हजाराच्या वर रुपये गेले आणि आठशे जिथे होते तिथेच आहेत; त्यावर दुरुस्तीचे साडेतीनशे चढले आहेत. ते म्हणाले, सगळे पैसे उभे करा आणि गहाण सोडवा. तोवर यंदाची शाकारणी तुमच्या हाताने करा. दिवसाउजेडी, चार लोकांच्या समोर. शेटचे एक कौलही घेऊ नका.

घरी येऊन मी सासऱ्यांना समजावून सांगितले. आठ रुपये कुठे जातात, मुद्दल का हलत नाही. त्यांनी पाणी भरलेला तांब्या माझ्या तोंडावर फेकून मारला. भुवई फाटली. सासूबाईंनी हळद दाबली आणि मलाच बोलल्या, "त्यांस्नी हिशेब सांगायला कशाला गेलीस गो? मला सांगायचास. मी तुला तांब्या मारला नसता."

"तुम्हाला कळला असता का?"

"नाय. पण मारला नसता."

धाकटे दीर गोदीत कामाला होते. पत्र मिळताच शाकारणीसाठी आठ दिवसांची रजा काढून आले.

तर तो मंगळवार. निम्मी कौले उतरवून अंगणात चवडी रचून ठेवली होती. मुकादमाने गाडी थेट अंगणात घातली. गाडीत नवी कौले होती.

"उतर रे खाली. कौलं आमी बसवतो. शेटचा हुकूम हाय."

दीर वरून म्हणाले, "शेटला सांग एकदा सोता चढून दाखव. त्याचं पोट बघून वासेच पळतील."

एक गडी हसला. मुकादमाने बघितल्यावर गप्प झाला.

"भाडेकरूनं कौलांस हात लावायचा नाय."

"भाडेकरू कोणाला बोलतोस?"

"तुला. तुझ्या बापाला."

सासरे ओटीवरून उतरले. त्यांना अजून वाटत होते, बोलून मिटेल. "असं नको बोलू. शेट आपला माणूस हाय. आमचं थोडं देणं ऱ्हायलं असंल, त्ये देऊ."

"थोडं?" मुकादम म्हणाला. "म्हाताऱ्या, अकरा वर्षं भाडं भरलंस, कर्जातला एक रुपया भरलायस काय? आठशे होते ते आठशेच हायत. वर आमच्या शाकारणीचे साडेतीनशे. इच्यार तुझ्या सुनंला, ती वकिलाकडं जाऊन आलीय."

सासऱ्यांनी माझ्याकडे बघितले. मी मान हलवली. माझ्या भुवईवर वण होता.

मुकादमाने खूण केली. हसलेल्या गड्यानेच पहार उचलली आणि रचलेल्या कौलांत घातली. एका घावात अख्खी चवड बसली. दुसरी. तिसरी. लाल भुकटी उडाली. पाऊस तोंडावर आलेला, घर निम्मे उघडे आणि हा माणूस कौले कांडतोय.

सासूबाई मागून आल्या त्या चुलीतले जळते लाकूड घेऊन. त्यांनी ते त्याच्या हातावर घातले. पहार पडली. त्याने वळून त्यांच्या तोंडावर ठोसा मारला. त्या खाली बसल्या आणि दोन दात मातीत थुंकल्या. दीरांनी वरून कौल फेकले. ते मुकादमाला कानाखाली लागले आणि त्याचे तोंड एका बाजूला सरकले. तसेच राहिले. तो ओरडायला गेला तर ओरडता येईना.

दीर उतरायला निघाले. त्यांचा पाय पहिल्या पायरीवर होता. दुसऱ्या गड्याने मला कोपराने बाजूला फेकले आणि शिडी ओढली. दीर जोत्याच्या कडेवर आपटले, कमरेखालच्या अंगावर. ओला बांबू पिळल्यावर येतो तसा आवाज झाला. मी पडलेली पहार उचलली. तो गडी शिडी हातात धरून उभा होता, आपण काय केले ते बघत. मी त्याच्या गुडघ्यावर मारली. तो पडल्यावर पुन्हा मारली.

सासरे इतका वेळ जागचे हलले नव्हते. आता ते गेले आणि मुकादमाच्या छातीवर बसले. साठीच्या पुढचा माणूस, पण आयुष्यभर नांगर धरलेले हात. दोन्ही हात त्याच्या गळ्याभोवती. म्हणत होते, "शंभर म्हयने. शंभर म्हयने भरले." मुकादमाचे डोळे बाहेर आले, टाचा माती उकरू लागल्या. मी ओढले, सुटेनात. शेवटी सासूबाईंनी रक्ताने भरलेल्या तोंडाने त्यांचे केस धरले आणि मागे खेचले.

"सोडा. तुमी फाशी जाल आन् भाडं मी भरत बसंन."

तेव्हा सोडले.

शेटच्याच गाडीतली कौले उतरवून आम्ही दीरांना तीत घातले. पोलिसपाटील आले, पंचनामा झाला. ज्या गड्याला सासूबाईंनी भाजले होते त्यानेच बैल हाकले, कारण बाकीच्यांत हाकायच्या स्थितीत कोणी नव्हते. मुकादम आणि गुडघा फुटलेला गडीही त्याच गाडीत. दीर आणि मुकादम शेजारी-शेजारी पोलादपूरपर्यंत कण्हत गेले.

उघडे घर मी आणि गावातल्या चार बायकांनी झाकले. कौले पुरली नाहीत तिथे गवत घातले. शेटची नवी कौले अंगणात पडून होती, त्यांतले एकही घेतले नाही.

खटले दोन चालले, आमच्यावर एक आणि त्यांच्यावर एक. वकील म्हणाले, गहाण सोडवाल तर दोन्ही मिटतील. यजमानांनी गिरणीतल्या पतपेढीचे कर्ज काढायचे ठरवले. मी कळवले, प्रत्येक हप्त्यातले व्याज किती, मुद्दल किती आणि मागे काय उरते हे कारकुनाकडून लिहून घेतल्याशिवाय सही करू नका. उत्तर आले, "तू पतपेढी काढणार आहेस की काय?" पण लिहून आणले. त्या कागदावर मुद्दल महिन्याला उतरत होते. मी तो सासऱ्यांना दाखवला. त्यांनी बघितला नाही. त्या मंगळवारानंतर त्यांनी माझ्यावर हात टाकला नाही; बैलाला मारू लागले. एकदा शिंग मोडेपर्यंत मारला. दोन वर्षांनी ते गेले.

तडजोड सासरे असतानाच, महाडच्या कोर्टाच्या आवारात झाली. आठशे आणि दुरुस्तीचे दोनशे. शेटनी पैसे मोजून घेतले आणि सासऱ्यांची चौकशी केली. मुकादम बशीतून चहा ओढत होता, तोंडाच्या एकाच बाजूने. दीर काठीवर उभे होते.

"कंबर काय म्हणतेय?" मुकादमाने विचारले.

"तुझ्या तोंडासारकी हाय."

"मग सरळ व्हायची नाय."

दोघेही हसले. मला त्या हसण्याचा राग आला. अजून येतो.

घर सुटले. मी याद्या करणारी बाई, त्यामुळे हे घर कितीला पडले ते मांडून बघितले. आठशे कौलांचे. सोडवेपर्यंतचे भाडे, ते मुद्दलाच्या दीडपटीकडे गेले. दुरुस्तीचे दोनशे. वकील, स्टँप, एसटी. पतपेढीचे व्याज. इथवर आकडे बसतात. पुढे दीरांचा गोदीतला पगार. तो मी काही वर्षे बेरजेत धरत गेले. हाडवैद्याने पाय बसवला तो आखूड बसला, गोदीने पुन्हा घेतले नाही. त्यांचे ठरलेले लग्न मुलीकडच्यांनी मोडले. सासूबाईंचे दात. माझ्या हातून एका मजुराचा गेलेला गुडघा. कौलांची किंमत सासऱ्यांनी कोणाला विचारली असती तर आठशे हेच उत्तर मिळाले असते. अजूनही घर बांधायला कर्ज काढणारे लोक मला घेतलेली रक्कम सांगतात. फेडून होईपर्यंत किती जाईल, असे विचारले की पुन्हा तीच रक्कम सांगतात.

आता घर दोघा भावांच्या नावावर आहे. यजमानांचे आणि माझे एकमत आहे की ते दीरांचे एकट्याचे व्हावे. मी मुंबईला यजमानांकडे राहायला आले, आमची मुले तिथेच वाढताहेत. उद्या त्यांना फक्त कागद दिसेल आणि त्यावर निम्मे घर त्यांच्या बापाचे असेल. यजमान हक्कसोडपत्र करून द्यायला तयार आहेत. वकिलांनी मसुदा केला, म्हणाले दोघांच्याही सह्या हव्यात. मी तो घेऊन कापड्याला गेले. दीरांनी पहिली ओळ ऐकली आणि काठी भिरकावली. ती माझ्या खांद्याला लागून हंड्यावर आपटली.

"ह्या घरावर आता कागद नाय. चांगला नाय नि वाईट नाय."

"भावजी, हा तुमच्या बाजूचा आहे."

"बाबालाबी असंच सांगितलं असंल, वयनी."

स्टँप घेऊन ठेवला आहे. साक्षीदार दोघे सांगून ठेवले आहेत. यजमानांची रजा दिवाळीला आहे. दीरांना एसटीत बसवून महाडला न्यायचे तेवढे राहिले आहे.