शेजारच्या रजिस्ट्रीचा भाव

लातूरच्या गंजगोलाईत सिद्धरामचं कासरे, दावी आणि घुंगरमाळांचं दुकान होतं. माणूस इतका भित्रा, की पोस्टमन दिसला तरी आधी घाम पुसायचा. शहाऐंशीच्या दुष्काळात लोक जनावरंच विकत होते, तिथं दावी कोण घेणार? पण त्याची झोप दुष्काळानं उडाली नव्हती. त्याला कोर्टाचं समन्स आलं होतं.

झालं होतं असं. लातूर जिल्हा झाला आणि वर्षभरात कचेऱ्या, क्वार्टरांसाठी सरकारनं शहराबाहेरची जमीन घ्यायला काढली. सिद्धरामचं दोन एकर आखणीच्या बाहेर राहिलं. त्याच्या बांधाला लागून असलेलं उमाबाईचं तीन एकर मात्र गेलं. मोबदला ठरला एकरी नऊ हजार. विधवा बाई, पोटाला तेवढंच रान. तिनं वाढीव मोबदल्यासाठी कोर्टात धाव घेतली.

तिच्या वकिलानं सिद्धरामला समजावलं, "कोर्ट बाजारात भाव विचारत फिरत नाही, आप्पा. सरकारची नोटीस निघायच्या आधी शेजारची, तशीच जमीन कितीला गेली ते बघतं. आणि तिथं खरेदी एकच झालीय. तुमची."

 नोटिशीच्या दोन वर्षं आधी सिद्धरामनं ते रान एकरी वीस हजारांनी घेतलं होतं, आणि रजिस्ट्रीत लिहिले होते आठ. स्टँपाचा खर्च वाचावा म्हणून सगळेच तसं करत; पूर्ण रक्कम लिहिणाऱ्याला लोक येड्यात काढत. आता खरं सांगावं तर सरकारला फसवल्याची कबुली. दंड होईल, रान जाईल, कोण जाणे बेड्याही पडतील. खोटं सांगावं तर उमाबाईचा गळा कापला जाणार. रोज सकाळी गळ्यातलं इष्टलिंग तळहातावर घेऊन तो पूजा करायचा. समन्स आल्यापासून त्याला लिंगाकडे बघवेना.

"किती भिताव?" बायको शिवकांता म्हणाली. "खरं बोला अन् मोकळं व्हा."

साक्षीच्या दिवशी तो पिंजऱ्यात उभा राहिला. सदऱ्याआडचं लिंग त्यानं मुठीत धरलं आणि एका दमात बोलून टाकलं, "एकरी वीस हजार दिले, साहेब. आठ लिहिले ते खोटं हाय."

सरकारी वकील रागावला नाही. तो हसला, आणि सिद्धराम जास्तच घाबरला.

"म्हणजे रजिस्ट्रारसमोर खोटं बोललात?"

"हाव."

"आणि आज खरं? वीस हजारांची पावती?"

"न्हाई, साहेब."

वकिलानं खरेदीखताचं शेवटचं पान उलटून त्याच्यापुढे धरलं. "साक्षीदार म्हणून हा दुसरा अंगठा कुणाचा?"

 दोन महिने स्वतःच्याच भीतीत बुडालेला सिद्धराम हे साफ विसरून गेला होता. बांधशेजाऱ्याची साक्ष असली की पुढं कटकट होत नाही, म्हणून त्यानंच तिला त्या दिवशी बोलावून नेलं होतं.

"उमाक्काचा," तो कसाबसा म्हणाला. "पण त्यांना वाचता येत न्हाई, साहेब. आकडा मी सांगितलाच न्हाई त्यांना."

"ज्या बाई आज वीस हजार भाव होता म्हणतात, त्यांनीच आठ हजारांच्या खतावर अंगठा दिलाय," वकील न्यायाधीशांना म्हणाला. बाकावर उमाबाई पदर सावरत बसली होती. न्यायाधीश लिहीत होते.

महिन्यानं निकाल लागला. नोंदवलेल्या खताविरुद्धचं तोंडी बोलणं कोर्टानं मानलं नाही. आठ हजार हाच भाव धरला, दोन वर्षांची थोडी वाढ मिळवली, आणि सरकारचे नऊ हजार योग्यच ठरले. सिद्धरामला ना दंड झाला, ना कुणी बेड्या घातल्या. त्याचं नावसुद्धा कुणी परत घेतलं नाही. बेड्या पडल्या असत्या तर बरं झालं असतं, असं त्याला वाटून गेलं.

कोर्टाबाहेर टँकरजवळ उमाबाई ओंजळीनं पाणी पीत होती. तो खाली मान घालून पुढं जाऊन उभा राहिला. आता ही शिव्या देईल, असं त्याला वाटलं.

तिनं हात पदराला पुसले. "त्या दिशी रजिस्ट्री करून तुमच्याच घरी आले होते, आप्पा," ती म्हणाली. "अंगठ्याची शाई धुवायला शिवकांतानं पानी घातलं माझ्या हातावर. मग बुंदी वाढली. लई गोड लागली होती."

एवढं बोलून ती एस.टी. स्टँडकडे निघून गेली.