गच्चीवरचे चाळीस दिवस

फरहीनच्या पायाला भिंगरी आहे. लोकांच्या अजब छंदांवर ती डॉक्युमेंट्री बनवते आणि मी, सिद्धेश, माईक घेऊन तिच्यामागे पळतो. चाकणचे ट्रकचे जुने भोंगे जमवणारे झाले, थेरगावचे रेडिओवेडे झाले. सहा वर्षांत पाच फिल्म्स सुरू केल्या, पुरी एकही नाही. शूटिंग संपत आलं की हिला पुढचं वेड खुणावतं. कधीकधी वाटतं, कॅमेरा नदीत फेकावा आणि हिलाही.

या वेळी दापोडीचे कबुतरबाज होते. त्यांतले रहिमानचाचा म्हणजे कंपनीतून रिटायर झालेले फिटर. त्यांच्या स्पर्धेत कबुतरं सकाळी एकाच वेळी सोडतात. सगळ्यात जास्त वेळ उडून मगरिबच्या, म्हणजे सूर्यास्ताच्या, अजानीआधी जे आपल्याच गच्चीवर उतरेल, ते जिंकतं. पण गच्चीवर काही अनोळखी दिसलं की पाखरू उतरत नाही. म्हणून चाचांनी अट घातली, चाळीस दिवस रोज यायचं, तेच कपडे घालून, पाखरांना सवय होईपर्यंत.

फरहीन आली. तोच किरमिजी कुर्ता, तीच पाण्याच्या टाकीजवळची जागा. बसल्या बसल्या पाय हलवायची, नखं खायची, दर दहा मिनिटांनी मला "किती वाजले रे?" विचारून वैताग आणायची. पण चाळीस दिवस आली. ही फिल्म पुरी होणार असं मला पहिल्यांदाच वाटलं.

स्पर्धेच्या दिवशी संध्याकाळपर्यंत बाकी सगळ्यांची कबुतरं उतरली. आकाशात उरली एकटी शबनम, चाचांची लाडकी मादी. आता ती उतरली की चाचा जिंकले. ती खाली येऊ लागली. चाचांचा चेहरा सावलीत होता, म्हणून फरहीनने उजेड पाडायला रुपेरी रिफ्लेक्टर उचलला. चाळीस दिवसांत तो तिने एकदाही बाहेर काढला नव्हता. तो लख्खकन चमकला आणि शबनम वळली. रेल्वेच्या रुळांवरून नदीकडे गेली. अजान झाली. ती आली नाही, दुसऱ्या दिवशीही नाही.

एडिटिंग करताना फरहीनने रिफ्लेक्टर चमकल्याचा तुकडा फिल्ममधून कापून टाकला. मी भांडलो, तिने ऐकलं नाही. आठवड्याने आम्ही फिल्म दाखवायला चाचांकडे गेलो. त्यांनी चहा विचारला नाही. सगळी फिल्म बघितली आणि म्हणाले, "माझी शबनम कशानं गेली, ते कुठाय यात?"

फरहीन नखं खाऊ लागली. मला तिची कीवही आली आणि रागही.

"सगळ्यांचं येडेपण दाखवतीस, बेटा. तुझंबी दाखव की."

तिने तो तुकडा परत जोडला. फिल्म पुरी झाली, तिची पहिली. त्या शॉटमध्ये चाचा मान ताणून वर बघतायत, ओठ हलतायत, पाखरू अगदी डोक्यावर आलंय. आणि रिफ्लेक्टर चमकायच्या क्षणभर आधी फरहीनचा आवाज येतो, माझ्याच माईकने टिपलेला.

"चाचा, जरा माझ्याकडे बघा ना."

चाचा बघतात.