तहकूब सभेतली सही

माझ्या मोठ्या बहिणीशी गावात कोणी भांडलं नाही. भांडलं असतं तर बरं झालं असतं. भांडणात माणूस निदान समोर उभा राहतो, चार शब्द बोलतो, चार ऐकतो. तिच्या वाट्याला तेही आलं नाही.

तिला मी बाई म्हणायचो. आमच्याकडे मोठ्या बहिणीला तसंच म्हणतात. ती लग्नानंतर थोड्याच वर्षांत एकटी झाली आणि माहेरी परतली. आईवडील गेल्यावर सेलू तालुक्यातल्या आमच्या घरात ती, तिचं शिलाई मशीन आणि पाचसहा बकऱ्या एवढंच राहिलं. मी वर्ध्याला एका कॉलेजात ग्रंथपाल होतो. निवृत्त झालो आणि वर्ध्यालगतच पिपरी मेघे इथे घर बांधून राहिलो. माझं मतदारयादीतलं नाव तिकडे गेलं. तिचं गावातच राहिलं.

गावाच्या मागे एक बरड आहे. खडकाळ, उंचसखल जमीन; सरकारी कागदांत ती ई-क्लास, म्हणजे गुरं चारायची सरकारी पडीक. पीक म्हणून तिथे काही येत नाही, पण गवत येतं, बोरी आहेत, पळस आहे. आमच्या मोहल्ल्यातल्या बहुतेक बायकांच्या बकऱ्या तिथेच चरायच्या. दुसरीकडे न्यायची सोय नव्हती. पलीकडे बोर अभयारण्याचं जंगल सुरू होतं. तिथे वनखात्याचे लोक अडवायचे, आणि नाही अडवलं तरी वाघ होता. ज्या बाईमाणसाकडे शेत नाही तिच्याकडे बकरी असते, आणि बकरीसाठी बरड असतो. तो गेला तर बकरी गेली, इतका साधा हिशोब.

त्या बरडावर गिट्टीखदान आणि खडी फोडायचं क्रशर टाकायचं एका ठेकेदाराने ठरवलं. त्यासाठी त्याला ग्रामसभेचा ना-हरकत ठराव हवा होता. सरपंच त्याच्या बाजूचे होते, हे सगळ्यांना माहीत होतं. गाव विरोधात होतं, हेही सगळ्यांना माहीत होतं. त्यामुळे मला वाटलं होतं की प्रश्न सोपा आहे. लोकांनी सभेला जायचं, हात वर करायचे, नाही म्हणायचं.

बाईचंही तेच म्हणणं होतं. पण गावाचं ठरलं वेगळंच. सभेला कोणी जायचंच नाही.

यामागे एक जुनी गोष्ट होती. नाल्यावरच्या पुलासाठी गावाने कितीतरी वर्षं अर्ज केले होते. काही झालं नाही. मग एका निवडणुकीला गावाने मतदानावर बहिष्कार टाकला. दिवसभर केंद्रावर कर्मचारी माशा मारत बसले. दुपारी तहसीलदारांची गाडी आली, मागून आणखी मोठ्या साहेबांची. हातापाया पडणं तेवढं राहिलं. पुढच्या पावसाळ्याआधी पूल झाला. माझ्या हयातीत या गावाने सरकारकडून मागून घेतलेली ती एकच गोष्ट. ती मतपेटीकडे पाठ फिरवून मिळाली होती. गाव तेव्हापासून एवढंच शिकलं, की आपण गेलो नाही की ते येतात.

बहिष्काराच्या वेळी पुढे असलेले माजी सरपंच आता म्हातारे झाले होते, पण त्यांचा शब्द चालायचा. पानठेल्यावर ते बाईला म्हणाले, "तुले समजत नाई बाई. कोरम भरलाच नाई तं ठराव कुठून होईन? खुर्च्या टाकू दे त्याइले. खुर्च्या काही हात वर करत नाई."

"अन् खुर्चीवर त्याइची माणसं बसली तं?" बाई म्हणाली.

"दहा माणसं हायेत त्याइची. दहा माणसात सभा होते का? पुलाच्या टायमाले काय झालं, इसरली का?"

पुलाचं नाव निघालं की गावात वाद संपायचा.

सभेच्या दिवशी मी गावी होतो. पंचायतीसमोर मंडप टाकला होता. ग्रामसेवक टेबलाशी बसले होते, शेजारी सरपंच आणि त्यांची मोजकी माणसं. रस्त्याच्या पलीकडे पानठेल्यावर अर्धं गाव उभं होतं आणि मजा बघत होतं. मी तिथला मतदार नव्हतो, म्हणून शाळेच्या ओट्यावर जाऊन बसलो. बाई माझ्याशेजारी बसली. गावाचा शब्द तिनेही पाळला. मंडपात एक कुत्रं येऊन सावलीला आडवं झालं, तेव्हा पलीकडून कोणीतरी ओरडलं, "ओ साहेब, एक आलं पाहा! घ्या सही!"

"त्याचं नाव यादीत नाई ना बे!" दुसरा म्हणाला, आणि सगळे हसले. बाईही हसली. तिचं ते पदर तोंडाला लावून हसणं मला अजून दिसतं.

ग्रामसेवकांनी घड्याळ पाहिलं, थोडी वाट पाहिली, आणि शांतपणे म्हणाले, "गणपूर्ती नाही. सभा तहकूब करण्यात येत आहे." त्यांच्या आवाजात निराशा नव्हती. ते मला तेव्हा त्यांच्या सभ्यपणाचं लक्षण वाटलं.

पानठेल्यावर चहा झाला. माजी सरपंचांना पोरांनी खांद्यावर घ्यायचं तेवढं बाकी ठेवलं.

पुढचं मी बाईकडून फोनवर ऐकलं, नंतर पुन्हा तिच्याच तोंडून समोरासमोर. दरवेळी तिने ते अगदी तसंच सांगितलं, शब्द न बदलता.

कापसाची वेचणी सुरू झाली होती. सकाळी उजाडताच बाया वावरात जात आणि मोहल्ला रिकामा पडे. अशाच एका सकाळी पंचायतीच्या भोंग्यावर आवाज आला की तहकूब ग्रामसभा थोड्या वेळात भरत आहे. सूचना फलकावर आधीच लावली होती. फलक कोण वाचतं? बाई शिलाईसाठी घरी होती. तिने मशीन तसंच सोडलं आणि गेली.

मंडप नव्हता. आतल्या खोलीतच सभा होती. तीच मोजकी माणसं.

"साहेब, माणसं तं भरले नाई," ती म्हणाली.

"तहकूब सभेला गणपूर्ती लागत नाही, बाई," ग्रामसेवक म्हणाले. "नियमच आहे तसा."

ती दारात उभी राहिली. माणसांना बोलवायला जावं तर वावरं लांब, आणि सभा दहापंधरा मिनिटांची.

"मंग माहा विरोध लिहून घ्या," ती म्हणाली.

"लिहितो ना. पण आधी उपस्थितीत सही करा. जो हजर नाही त्याचा विरोध मी कसा लिहू?"

ते बरोबर बोलत होते. तिने सही केली. आठवीपर्यंत शिकलेली होती, सही चांगली करायची. मग ठराव वाचला गेला, हात वर झाले, आणि तिने एकटीने विरोधात हात वर केला. त्यांनी तो लिहून घेतला. नंतर मी नक्कल काढून पाहिली. एका मतदाराचा विरोध, असं स्पष्ट नोंदवलेलं होतं. कुठेही खाडाखोड नव्हती, लबाडी नव्हती. असती तर मला कुठेतरी दाद मागायला जाता आलं असतं.

संध्याकाळी वावरातून परतलेल्या गावाला ठराव झाल्याचं कळलं. ठेल्यावर माजी सरपंचांभोवती माणसं जमली. त्यांनी काहीतरी बोलणं भाग होतं. बाई तिथे गेली, झालं ते तिने सांगितलं. ते ऐकून घेऊन म्हणाले, "सारं गाव बाहेर राह्यलं. तू एकटी आत गेली. सही केली. झाली मंग सभा."

"अवो दादा, मी नसती गेली तरी..."

"कायले गेली पण तू?"

बस. एवढंच. पण ते वाक्य त्या रात्रीत घरोघर पोचलं. नियम समजायला अवघड होता आणि सही समजायला सोपी होती. बहिष्कार मोडला गेला म्हणून बरड गेला, असं ठरलं. बहिष्कार चुकीचा होता असं ठरलं असतं तर पूलही हातून गेला असता.

शिवायला कपडे येणं कमी झालं. विहारात रविवारच्या वंदनेला ती सतरंजीवर बसली की तिच्या दोन्ही बाजूंना जागा मोकळी राहायची. कोणी टोमणा मारला नाही. हाक मारली तर ओ देत, आणि कामाला लागत. मी एका रविवारी नियमाचा कागद घेऊन गेलो. वंदना झाल्यावर तो वाचून दाखवला, सोपा करून सांगितला. तहकूब सभेला कोणीही नसलं तरी चालतं. बाई गेली नसती तर विरोधाची एक ओळही राहिली नसती. सगळ्यांनी नीट ऐकलं. एकजण म्हणाला, "बरोबर असन भाऊ." मग सतरंज्या गुंडाळायला सुरुवात झाली.

क्रशर सुरू झालं. सुरुंगाच्या आधी भोंगा वाजायचा, मग घराची कौलं हलायची. बकऱ्या हळूहळू सगळ्यांनीच विकल्या. बाईने सगळ्यांच्या शेवटी विकल्या. काही दिवस ती त्यांना नाल्याकाठी बांधून पाला आणून घालत होती.

पुढच्या हिवाळ्यात तिची छाती भरली. मी तिला वर्ध्याच्या दवाखान्यात आणलं. तिथून ती गावी परतली नाही. ज्या दिवसांत बोलता येत होतं त्या दिवसांत ती गावाविषयी काही बोलली नाही. एकदाच तिने विचारलं, "मी गेली नसती तं बरं झालं असतं का रे, भाऊ?"

मी म्हणालो, "नाही बाई. तुझंच बरोबर होतं." तिने मान हलवली. तिला हे उत्तर नको होतं. ती आयुष्यभर बरोबरच होती. तिला सतरंजीवर शेजारी कोणीतरी बसायला हवं होतं.

ती गेल्यावर गावच्या घरी झालेल्या पुण्यानुमोदनाच्या विधीला सगळं गाव आलं. माजी सरपंचही आले, फोटोला फूल वाहिलं, माझा हात हातात धरून बराच वेळ बसले. बाया भल्या सकाळपासून स्वयंपाकाला लागल्या होत्या. मला कोणी काही करू दिलं नाही. जेवणं उरकल्यावर मागच्या अंगणात शेजारची काकू भांडी घासत होती. बाई आणि ती एकत्रच बकऱ्या घेऊन जायच्या. आता ती क्रशरवर गिट्टी भरायला जाते. मी तिच्याजवळ जाऊन बसलो. मला पुन्हा एकदा सांगायचं होतं, निदान एका माणसाला तरी. मी सुरुवात केली, "काकू, त्या सभेचं..."

"मालूम हाये भाऊ," ती मान वर न करता म्हणाली. "तू वाचला ना कागद विहारात. तवाच समजलं होतं आमाले."

मी विचारलं, "मग?"

"मंग काय? सरपंचावर राग काढून काय फायदा? त्याच्याच दारात काम मागाले जा लागते. ठेकेदार तं दिसत बी नाई. ती दिसे." तिने कढई पालथी घातली. "कोणावर तं राग काढाच लागते ना भाऊ. ती आपली होती."

मी उठलो आणि पाण्याची बादली भरून तिच्याजवळ ठेवली. ती भांडी विसळत राहिली.