काचेआडचा पाटा

रिसीव्हर कानाशी नीट धर गं, आणि ‘बिझी आहे’ म्हणू नकोस आजीला. काल तुझ्या बाबानं मला म्युझियममध्ये नेलं. जुन्या ग्रीक शहरातली घरं मांडलीत तिथं, आणि काचेआड थेट आपल्यासारखा पाटा! त्यापुढं काळ्या झग्यातली एक ग्रीक म्हातारी बाह्या सरसावून हवेतच वाटून दाखवत होती. तुझ्याएवढी नात तिला त्यांच्याच भाषेत प्रश्न विचारत होती. माझा नुसता जळफळाट झाला! मोडक्या इंग्रजीत म्हटलं, “नशीबवान आहात.”

ती हसली. “घरी सगळं हिलाच येतं. इथं मला येतं, म्हणून दर रविवारी आणते.”

बेसमेंटमधला आपला पाटा वर आणलाय मी. वाटायला शिकवीन, पण विचारायचं मराठीत. लवकर ये गं.