पडवीचे खांब

पडवीच्या लाकडी खांबांना दरवर्षी तेल लावायचा कंटाळा, म्हणून काल आम्ही त्यांच्यावर पीव्हीसीची पांढरी आवरणं बसवली. आता ओलं फडकं फिरवलं की झालं! मी खुशीत होते.

संध्याकाळी माझे सासरे देवळातून परतले. त्यांना हल्ली फारसं दिसत नाही. पायरी चढून त्यांनी सवयीनं खांबाला हात लावला आणि चपला काढता काढता थांबले. पुन्हा चाचपलं. मग अदबीनं म्हणाले, "माफ करा हं, घर चुकलो वाटतं. मला जरा माझ्या घरी सोडता का?"

माणसाचा हातही घर ओळखत असतो, हे माझ्या मनातच आलं नव्हतं.

"अप्पा, आपलंच घर आहे," म्हणताना मान वर होईना.

"असं होय?" म्हणत त्यांनी खांब सोडला आणि माझा खांदा धरला.