निमुखीचा नेम

मी गोष्टी लिहितो हे पन्नाशी येईपर्यंत मी कोणाला सांगितलं नव्हतं. मोखाड्याच्या कचेरीत कारकुनी, जव्हारला भाड्याची खोली, बायको-मुलं नाशिकला, आणि ट्रंकेत कपड्यांखाली सहा वह्या. त्या वह्यांत एक देश होता. सात पठारांचा, कायम धुक्यात बुडालेला. तिथे न बोललेलं माणसाच्या अंगात वाळूसारखं साठत जातं, आणि मेल्यावर प्रेत इतकं जड होतं की आठ जणांनाही उचलत नाही. म्हणून ते लोक जिवंतपणीच निमुखीकडे जातात. निमुखी ही त्यांची देवी. तिला तोंड नाही. तिला सांगायचं आणि हलकं होऊन परत यायचं.

एवढंच ठरलं होतं. देवी दिसते कशी, ते मात्र माझं मलाच दिसेना. आमच्या भागात बोहाड्याच्या उत्सवात देवांची सोंगं नाचवतात. त्यांचे कागदाच्या लगद्याचे मुखवटे करणारे एक म्हातारे जव्हारच्या कडेला पाड्यावर राहतात. एका रविवारी त्यांच्याकडे गेलो. बाबा ओट्यावर भिजवलेला कागद कुटत होते. शेजारी त्यांची बायको सुपात नागली पाखडत होती. तिला मी पुढे मावशी म्हणू लागलो.

"तोंड नसलेला मुखवटा?" बाबा म्हणाले. "कोणची देवी ही, भाऊसाहेब?"

गोष्टीतली, एवढं म्हणायचं होतं. पण कचेरीतला भाऊसाहेब या वयात असलं काही लिहितो, याची लाज वाटली. "आमची कुळदेवी," मी म्हणालो. "घाटावरची."

बाबांनी हातातलं मुसळ खाली ठेवलं.

"तोंड नसलेली बाय!" मावशी हसली. "ह्यांना विचार, दोन घेतील."

"एकच हाय आन ती ऐकत नाय," बाबा म्हणाले. मग माझ्याकडे वळले. "पण भाऊसाहेब, नाचणारा श्वास कुठून घेल? आमचे मुखवट्यांना वारा तोंडातूनच येतो."

हे मला कधी सुचलंच नव्हतं. शेवटी तोड त्यांनीच काढली. कान मोठे करायचे, सुपाएवढे, आतून पोकळ. नाचणारा कानांतून श्वास घेईल. घरी येऊन मी वहीत लिहिलं, सात पठारांवरची माणसं प्रार्थनेत कानांनी श्वास घेतात. इतकं चांगलं वाक्य माझ्याकडून कधी झालं नव्हतं, आणि तेही माझं नव्हतं.

मग दर रविवारी जाऊ लागलो. मुखवटा सुकत होता आणि बाबा विचारत होते. ही खाते काय? मी म्हणालो, वास. चालते कशी? मागं न बघता. कोपते कोणावर? जो दुसऱ्याचं चोरून ऐकतो त्याच्यावर. संबळ कोणत्या चालीवर वाजवायचा, हेही विचारलं. मी तिथल्या तिथे उत्तर द्यायचो आणि घरी येऊन उतरवून ठेवायचो. देवीचं काम हातात आहे म्हणून बाबांनी सुकट खायचं सोडलं होतं. ते मला दिसत होतं. मी बोललो नाही.

"आन हिचा नेम काय?" त्यांनी एकदा विचारलं.

"तिला सांगितलेलं अमावास्या होईपर्यंत दुसऱ्या कोणाला सांगायचं नाही. सांगितलं तर ते परत अंगात येतं."

मावशी तेव्हा तिथेच बसली होती.

पुढच्या रविवारी मुखवटा रंगवून भिंतीला टांगलेला होता. मावशीचा डावा डोळा लालभडक, पाणी गळत होतं. मी विचारलं, "मावशी, डोळ्याला काय झालं?" तिने ओठांवर बोट ठेवलं आणि हनुवटीने मुखवट्याकडे दाखवलं.

आता खरं लिहितो. मला भीती वाटली नाही. अंगावर काटा आला तो आनंदाचा. माझी देवी कोणीतरी मानली होती! अमावास्येला बारा दिवस होते. मी खोलीवर आलो आणि एका बैठकीत चार पानं लिहिली.

त्याच्या पुढच्या रविवारी गेलो तेव्हा मावशीने कपाळाला फडकं घट्ट बांधलं होतं. बाबा म्हणाले, "दुपारची मुखवट्यासमोर बसते. काय दुखतं विचारलं तं बोलत नाय. नेम धरलाय वाटतं." आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिले. मी कानांच्या रंगाचं बोलू लागलो.

अमावास्या झाली तेव्हा तिने सांगितलं, डाव्या डोळ्याने दिसत नाही. त्यांचे मुलगा-सून भिवंडीकडे कामाला, म्हणून नाशिकला मीच घेऊन गेलो. काचबिंदू निघाला. डावा डोळा गेला होता. उजव्यात रोज औषध घातलं तर तो टिकेल, असं डॉक्टर म्हणाले. "एवढं दुखत असताना थांबलात कशाला?" त्यांनी विचारलं. मावशी पदराने गाल पुसू लागली. मी औषधाची चिठ्ठी उचलली.

परत आल्यावर मी दोघांना ओट्यावर बसवलं.

"ती आमची कुळदेवी नाही," मी म्हणालो. "कोणाचीच नाही. मी गोष्ट लिहितोय, त्यातली आहे."

"आन नेम?" बाबांनी विचारलं.

"तोही. तुम्ही विचारलंत म्हणून तेव्हाच बनवला."

बाबा उठले आणि घरात गेले.

मावशी म्हणाली, "देव तं कोणीतरी पयला सांगितलाच असंल. त्याचं नाय मला. त्या रविवारी तू माझा डोळा बघितलास का नाय?"

"बघितला."

"मंग गप का बसलास?"

लाजेने, असं म्हटलं असतं तर तिने मानलं असतं. पण ते पुन्हा खोटंच झालं असतं. "तुम्ही नेम पाळता का ते बघायचं होतं," मी म्हणालो.

तिने उजवा डोळा माझ्यावर रोखला. "मंग? कसं वाटलं?"

"छान वाटलं. तेव्हा छान वाटलं."

तिने कमरेच्या पिशवीतून औषधाची बाटली काढून माझ्यापुढे धरली. "ह्यांचा हात थरथरतो. सगळं गालावरच जातं. रोज सकाळी येत जा."

मोखाड्याची जीप धरायच्या आधी मी पाड्यावर जातो. मला बघून बाबा मागच्या परसात निघून जातात. मुखवटा भिंतीवर नाही. कुठे ठेवला, मी विचारलेलं नाही. मावशी मान मागे टाकते, दोन बोटांनी पापण्या फाकवते. एक थेंब. मग पाच मिनिटं डोळे मिटून पडून राहायचं असतं. तेवढ्यात ती विचारते, तुझे त्या देशात सदा धुकं, मग नागली पिकते कशी? बाया पाणी कुठून आणतात?

"मावशी, हे मी आत्ता बनवतोय हां," मी दरवेळी आधी सांगतो.

"ठाव हाय," ती म्हणते. "सांग."